मन उघडे करताना: दुःखाचे गाणे लिहिणाऱ्या आणि ऑनलाइन मांडणाऱ्यांसाठी

मन भरून येणे आणि त्याचे गाणे होऊन ते दुसऱ्याच्या कानावर पडणे, या दोन गोष्टींमध्ये पूर्वी बराच काळ जात असे. शब्द सुचत, खोडले जात, चाल बसे, ती एखाद्या विश्वासातल्या माणसाला ऐकवली जाई आणि मग कधीतरी चार लोकांसमोर गायली जाई. आता रात्री दोन वाजता गुणगुणलेली ओळ फोनवर ध्वनिमुद्रित होते आणि सव्वादोनला ती अनोळखी माणसांपर्यंत पोहोचलेली असते. ही सोय मोठी आहे, कारण एकट्या पडलेल्या कित्येकांना तिच्यामुळे पहिला श्रोता मिळाला. मात्र तिच्यामुळे मधला वेळ नाहीसा झाला. त्या वेळात मन बरेच काम उरकत असे: नेमके काय दुखते आहे ते ओळखणे, त्यातले किती सांगायचे ते ठरवणे आणि उरलेले स्वतःजवळ ठेवणे. तो मधला वेळ जाणीवपूर्वक पुन्हा कसा निर्माण करावा, हे पुढे सांगितले आहे. जे स्वतः गाणी रचतात त्यांच्याइतकेच, जे दुसऱ्याचे गाणे स्टोरीवर लावून त्याखाली दोन ओळी लिहितात त्यांनाही ते लागू पडेल.

सुरुवातीला एक गैरसमज दूर करायला हवा. हळवेपणा दाखवणे म्हणजे खचणे आणि काहीच न दाखवणे म्हणजे खंबीर असणे, अशी समजूत आपल्यात खोलवर रुजलेली आहे. एमी वर्नर या मानसशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हवाईमधील काउआई बेटावर १९५५ साली जन्मलेल्या ६९८ मुलांचा अनेक दशके पाठपुरावा केला. गरिबी, घरातील कलह किंवा पालकांचे आजारपण अशा अनेक अडचणी एकत्र वाट्याला आलेल्या मुलांपैकी सुमारे एक तृतीयांश मुले पुढे सक्षम आणि समाधानी प्रौढ झाली. त्यांच्या आयुष्यात वारंवार आढळलेली गोष्ट म्हणजे किमान एक भरवशाचे, माया करणारे मोठे माणूस. सावरण्याची ताकद एकट्याने दात-ओठ खाऊन येत नाही. ज्याच्यासमोर मन मोकळे करता येते असे कुणीतरी असण्याशी तिचा जवळचा संबंध आहे. म्हणून मन उघडे करावे की नाही हा प्रश्नच नाही. ते केव्हा, कोणत्या रूपात आणि कुणासमोर उघडे करावे, एवढेच ठरवायचे असते.

आधी ऐकणे

गाणे करण्यापूर्वी आपण ते ऐकत असतो, त्यामुळे काळजी तिथूनच घ्यावी. उदास असताना उदास गाणी ऐकली तर माणूस आणखी खोल जाईल, ही भीती सरसकट खरी नाही. लिला तारुफी आणि स्टीफन कोल्श यांनी २०१४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीत ७७२ जणांना दुःखी संगीत ऐकताना काय वाटते, असे विचारले होते. सर्वांत जास्त वेळा नोंदवली गेलेली भावना दुःख नव्हती, ती गतस्मृतींची हुरहुर होती. अशा संगीतातून दिलासा मिळतो, आपले दुःख कुणीतरी ओळखले असे वाटते, हेही अनेकांनी सांगितले.

तरीही एका प्रकारच्या ऐकण्यापासून सावध राहिले पाहिजे. मानसशास्त्रज्ञ सुझन नोलेन-होक्सेमा यांनी आयुष्यभर ज्या सवयीचा अभ्यास केला, तिला आपण मनाचे रवंथ म्हणू शकतो: तेच दुःख, तोच प्रसंग, तेच ‘माझ्याच वाट्याला का’ पुन्हा पुन्हा चघळत राहणे. या सवयीने नैराश्य लांबते. ज्यांना ती आहे, त्यांची मनःस्थिती दुःखी संगीताने अधिक बिघडू शकते, असे नंतरच्या अभ्यासांतही दिसले आहे. आपले ऐकणे कोणत्या बाजूचे आहे हे कळण्यासाठी माझी एक साधी कसोटी आहे. अर्ध्या तासाने थांबावे आणि पाहावे, की या वेळात मनात काही नवे आले का: एखादी विसरलेली आठवण, मोकळे रडू, कुणाला तरी फोन करण्याची इच्छा. असे काही आले असेल तर गाणे काम करते आहे. पहिल्या मिनिटाला जे वाक्य डोक्यात घोळत होते तेच तिसाव्या मिनिटालाही घोळत असेल, तर गाणे बंद करून उठावे, तोंड धुवावे, चार पावले चालून यावे.

प्लेलिस्ट लावायची असेल तर ती मन ठिकाणावर असताना आधीच तयार करून ठेवावी, कारण बुडत असताना दोर वळता येत नाही. तिच्या रचनेसाठी संगीतोपचारातील एक जुने तत्त्व उपयोगी पडते. आयरा आल्टशूलर या मनोविकारतज्ज्ञांनी १९४०च्या दशकात मांडले, की संगीताने आधी रुग्णाच्या आताच्या मनःस्थितीशी जुळवून घ्यावे आणि मग हळूहळू तिला दुसरीकडे न्यावे. उदास माणसाला एकदम नाचाचे गाणे ऐकवले तर त्याला ते परके वाटते, आपली चेष्टा होते आहे असेही वाटू शकते. म्हणून सात-आठ गाण्यांची यादी पुरे. पहिली दोन आपल्या दुःखाच्या बरोबरीने बसणारी असावीत, मधल्या गाण्यांत लय किंचित वाढावी किंवा वाद्ये थोडी मोकळी व्हावीत, आणि शेवटची दोन आनंदीच असली पाहिजेत असे नाही, त्यांत श्वास घ्यायला जागा असली म्हणजे झाले. शब्द नसलेले संगीत तिथे विशेष चांगले बसते. यादी संपल्यावर आपोआप पुढचे गाणे लागण्याची सोय बंद करून ठेवावी. अल्गोरिदमला आपल्या बरे होण्याशी देणेघेणे नसते. आपण जे शेवटपर्यंत ऐकले त्यासारखेच आणखी देणे एवढेच त्याचे काम, आणि रवंथाला नेमके तेच हवे असते.

कागदावर, फक्त स्वतःसाठी

गाणे लिहिण्याआधी गाणे नसलेले काहीतरी लिहावे. जेम्स पेनेबेकर यांनी १९८६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात विद्यार्थ्यांना सलग चार दिवस, रोज १५ मिनिटे, आयुष्यातल्या सर्वांत क्लेशदायक अनुभवाबद्दल लिहायला सांगितले होते. ज्यांनी घटनेबरोबर त्या वेळच्या भावनाही लिहिल्या, त्यांना लिहून झाल्यावर लगेच अधिकच खिन्न वाटले. पण पुढच्या काही महिन्यांत त्यांना आरोग्य केंद्रात जाण्याची गरज इतरांपेक्षा कमी पडली. यातून आपल्यासाठी दोन गोष्टी निघतात. एक म्हणजे लिहून झाल्यावर लगेच वाईट वाटणे ही अपेक्षित गोष्ट आहे, तिला घाबरून लिहिणे सोडू नये. दुसरी म्हणजे नेमक्या त्याच खिन्न घटकेला काहीही पोस्ट करू नये, कारण त्या वेळी आपण स्वतःला सर्वांत कमी ओळखत असतो.

लिहिताना भावनेला नेमके नाव देण्याचा प्रयत्न करावा. भावना शब्दांत मांडल्यावर मेंदूतील भीतीशी संबंधित भागाची हालचाल मंदावते, असे मॅथ्यू लिबरमन आणि सहकाऱ्यांच्या २००७ मधील प्रयोगात आढळले आहे. ‘वाईट वाटते’ हे नाव नव्हे, तो नुसता दरवाजा आहे. आत गेल्यावर खंत आहे की पश्चात्ताप, चीड आहे की अपमान, हुरहुर आहे की धास्ती, ओशाळलेपण आहे की नुसता थकवा, हे शोधावे. मराठीत या छटांसाठी शब्दांची कमतरता नाही, कमतरता आपल्या सबुरीची असते. फारच जवळचे आणि तापलेले काही असेल तर स्वतःचे नाव घेऊन तिऱ्हाइतासारखे लिहून पाहावे: ‘मला कळेना’ऐवजी ‘तिला कळेना’. स्वतःबद्दल असे थोडे दुरून बोलल्याने कठीण प्रसंगी मन आवरायला मदत होते, असे ईथन क्रॉस यांच्या प्रयोगांतून दिसले आहे. पुढे हेच गाण्याच्याही कामी येते, कारण गाणे म्हणजे शेवटी थोड्या अंतरावरून बोललेले ‘मी’ असते.

हे चार दिवसांचे कागद कुणालाही दाखवू नयेत. त्यांतून गाणे निघेल न निघेल, ते कागद गाण्याचा कच्चा मसुदा आहेत असे मानू नये.

गाण्याला आकार देणे

इथे मात्र घाई करू नये, कारण सावरण्याचे खरे काम याच टप्प्यावर होते. दुःखाला आदी-अंत नसतो, गाण्याला असतो. तीन मिनिटांच्या, दोन कडव्यांच्या, ठरावीक मात्रांच्या चौकटीत दुःख बसवताना आपल्याला निवड करावी लागते, आणि निवड करणारा माणूस दुःखाच्या प्रवाहात नुसता वाहून जात नाही.

पहिली निवड विषयाची. संपूर्ण नाते, संपूर्ण आजार, संपूर्ण बालपण गाण्यात मावत नाही. एक क्षण घ्यावा आणि त्या क्षणातली एखादी वस्तू घ्यावी. ‘तू गेल्यापासून घर रिकामे वाटते’ ही ओळ खरी असली तरी ती कुणीही लिहिली असती. ‘अजून दोन कप काढतो, एक परत ठेवतो’ ही ओळ ज्याने तो कप हातात धरला त्याचीच आहे. गंमत अशी, की ऐकणाऱ्याला परकी वाटेल अशी भीती आपल्याला ज्या ओळीची वाटते, तीच त्याला स्वतःची वाटते.

दुसरी निवड रचनेची, आणि त्यासाठी दुःखाशी जुने नाते असलेले आकार उसने घ्यावेत. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांनी घडवलेल्या ब्लूज या गानप्रकारात बारा मापांची, म्हणजे तालाच्या बारा समान तुकड्यांची, एक प्रसिद्ध चौकट आहे. तिच्या कडव्यात पहिली ओळ गायली जाते, तीच ओळ दुसऱ्यांदा गायली जाते आणि तिसरी ओळ त्या दोन्हींना उत्तर देते. आपल्या भाषेत करून पाहायचे तर असे काही होईल:

फोन उशाशी ठेवला, रात्रभर वाजला नाही,
फोन उशाशी ठेवला, रात्रभर वाजला नाही,
पहाटे मीच दार उघडले, वाट कुणाची पाहिली नाही.

या आकाराचे शहाणपण मला फार मोलाचे वाटते. तक्रार दोनदा करण्याची पूर्ण मुभा आहे, ती दडपायची नाही, पण तिसऱ्या वेळी तीच ओळ म्हणता येत नाही, काहीतरी दुसरे म्हणावेच लागते. रवंथाला जो धडा शिकवणे अवघड जाते तो या चौकटीत आपसूक गिरवला जातो. तिसरी ओळ आशेचीच असावी अशी सक्ती नाही. ती चिडलेली, थट्टेची, नुसती निरीक्षणाचीही चालते. फक्त ती पुढे सरकलेली असावी.

दुसरा आकार १७व्या शतकातील इटालियन संगीतातला आहे. तिथे विलापाच्या गाण्यांत खालच्या पट्टीत चार उतरते स्वर पुन्हा पुन्हा वाजत राहात, आपल्या स्वरांत सांगायचे तर सा, कोमल नी, कोमल ध आणि प, आणि त्यांच्या वर गाणाऱ्याचा आवाज मोकळेपणाने भटके, अडखळे, उशिरा येई. खालची वीण पक्की असल्यामुळेच वरचा आवाज कोसळण्याची जोखीम घेऊ शकतो. घरी गाणे करणाऱ्याने हेच करावे. गिटारवर, पेटीवर किंवा फोनमधल्या एखाद्या ॲपवर चारच स्वरांची किंवा दोनच कॉर्डची साधी साथ धरावी, ती बदलू नये, आणि गळ्याला हवे तसे वागू द्यावे. साथही भावनेबरोबर हेलकावे घेऊ लागली की गाणाऱ्याला आधार राहत नाही आणि ऐकणाऱ्यालाही.

ध्वनिमुद्रणाबद्दल थोडेसेच सांगतो. कपड्यांचे कपाट किंवा जाड पडदे असलेली खोली निवडावी, म्हणजे आवाज घुमत नाही. फोन तोंडापासून वीतभर अंतरावर, किंचित बाजूला ठेवावा. दुःखाचा आवाज मुळातच संथ, खालचा आणि मऊ असतो, त्यामुळे पट्टी एखाद्या स्वराने खाली घेतली तर बहुधा फायदाच होतो. रडवेपणा आणू नये. आवाज आपोआप फुटला तर तो पुसूही नये. चार-पाच वेळा गाऊन झाल्यावर सर्वांत जास्त अश्रू असलेले मुद्रण निवडण्याचा मोह होतो. त्याऐवजी ज्यात शब्द स्वच्छ कळतात ते निवडावे. आणि सलग तीन दिवस प्रयत्न करूनही गाणे शेवटपर्यंत म्हणता येत नसेल, तर ते गाणे अजून आपल्यासाठीच आहे, लोकांसाठी झालेले नाही, असे समजावे. त्यात कमीपणा काहीच नाही.

शेवटची निवड दुसऱ्या माणसांबद्दलची. आपल्या दुःखात बहुतेक वेळा आणखी कुणीतरी असते, आणि त्याने आपल्या गाण्यात येण्याची परवानगी दिलेली नसते. नाव, हुद्दा, ओळखू येईल असा प्रसंग, त्याच्या आजाराचा तपशील हे सारे गाळावे. माझ्या अनुभवात हे गाळल्याने गाणे कधीच दुबळे झालेले नाही.

मधला वेळ पाळणे

पडद्यासमोर माणूस प्रत्यक्षापेक्षा मोकळा का होतो, याचे विवेचन मानसशास्त्रज्ञ जॉन सुलर यांनी २००४ मध्ये केले. समोरचा दिसत नाही, आपण त्याला दिसत नाही, उत्तर लगेच येत नाही, नाव लपवता येते. या सगळ्यामुळे मनावरचे बंध सैल होतात. त्यांनी याच्या दोन्ही बाजू दाखवल्या: याच मोकळेपणाने माणूस आपले खरे दुःख बोलून जातो आणि याच मोकळेपणाने दुसरा त्याच्यावर तुटून पडतो. रात्र, एकटेपण आणि थकवा यांची त्यात भर पडली की बंध आणखी ढिले होतात.

माझ्याकडून ही चूक झालेली आहे. जवळचे माणूस गेल्यानंतर तिसऱ्या रात्री मी एक गाणे म्हटले आणि त्याच रात्री ते ऑनलाइन टाकले. त्यात शेवटच्या दिवसांचा असा तपशील होता, जो घरातल्या काही जणांना तोवर माहीत नव्हता. त्यांना तो माझ्याकडून नव्हे, फोनवरून कळला. एका अनोळखी माणसाने माइकच्या खरखरीबद्दल तक्रार केली. आणि मी पुढचे कित्येक दिवस, ज्या काळात शोक करायला हवा होता त्या काळात, किती जणांनी ऐकले ते पाहत बसलो. ते गाणे वाईट नव्हते, ते फक्त चार महिने लवकर बाहेर पडले होते.

तेव्हापासून मी जे पाळतो ते असे. मुद्रण झाले की फाइलला तारीख घालून बाजूला ठेवायची. दुसऱ्या दिवशी उजेडात एकदा ऐकायची. त्यानंतर किमान एक आठवडा हात लावायचा नाही, आणि दुःख ताजे किंवा मोठे असेल तर ही मुदत महिन्यांत मोजायची. मुदत संपल्यावर स्वतःला एकच प्रश्न विचारायचा: हे गाणे टाकल्यावर कुणीच काही बोलले नाही, तर मला चालेल का? टीकेची तयारी बहुतेक जण करतात. शांततेची तयारी कुणी करत नाही, आणि प्रत्यक्षात वाट्याला येते ती बहुधा शांतताच. हळव्या माणसाला ती नकारासारखी लागते. उत्तर ‘चालेल’ असे मनापासून येईपर्यंत थांबावे.

कुणासमोर ठेवावे

ॲलिस मार्विक आणि डॅना बॉइड यांनी समाजमाध्यमांविषयी लिहिताना एक अडचण नेमकी पकडली: प्रत्यक्ष आयुष्यात आपण मित्राशी, वरिष्ठाशी आणि नातेवाइकाशी वेगवेगळे बोलतो, पण एका पोस्टसमोर हे सगळे एकाच वेळी, एकाच खोलीत कोंबलेले असतात. त्यामुळे गाणे टप्प्याटप्प्याने बाहेर काढावे. पहिला श्रोता एकच असावा, आणि त्याला आपल्याला काय हवे ते आधीच स्पष्ट सांगावे: ‘फक्त ऐक, सल्ला नको’ किंवा ‘चाल कशी वाटते तेवढेच सांग’. एवढे एक वाक्य न सांगितल्यामुळे कितीतरी मैत्र्या दुखावल्या जातात. मग पाच-दहा जणांचा बंद ग्रुप. तिथेही ते गाणे पेलवले, तरच सार्वजनिक.

सार्वजनिक टाकताना चेहरा दाखवलाच पाहिजे असे नाही. केवळ आवाज, एखादे स्थिर चित्र, टोपणनाव हे सर्व सन्मान्य मार्ग आहेत. कमेंट बंद ठेवणे हाही भित्रेपणा नाही. घराला दार असते तसेच ते आहे. पहिले २४ तास आकडे आणि प्रतिक्रिया स्वतः न पाहता एखाद्या मित्राला आधी वाचायला सांगावे. छळणाऱ्याला उत्तर न देता ब्लॉक करावे. धमकी असेल तर त्याआधी स्क्रीनशॉट घेऊन ठेवावा.

गाण्याखाली दोन ओळींचा संदर्भ लिहिल्याने खूप गोंधळ टळतो. ‘हे दोन वर्षांपूर्वीच्या काळातले आहे, आज मी बरा आहे’ असे लिहिले तर काळजीने येणारे फोन थांबतात आणि लोक गाण्याबद्दल बोलू लागतात. परंतु आज बरे नसेल तर असे लिहू नये, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे, गाण्याकडून मदत मागण्याचे काम करवून घेऊ नये. सहानुभूतीसाठी दुःखाचे प्रदर्शन करणाऱ्यांना उद्देशून ‘सॅडफिशिंग’ असा एक इंग्रजी शब्द २०१९च्या सुमारास रूढ झाला. त्याचा वाईट परिणाम असा झाला, की खरोखर त्रासात असलेल्यांवरही तोच शिक्का बसू लागला, आणि सूचकपणे लिहिलेली हाक नाटक समजली जाऊ लागली. म्हणून मदत हवी असेल तेव्हा ती एका विशिष्ट माणसाकडे, साध्या शब्दांत मागावी: ‘मला आज एकटे राहवत नाही, येतोस का?’ गाणे अनेक अर्थांनी ऐकले जाते. हाकेला एकच अर्थ असला पाहिजे.

दुसऱ्याचे ऐकताना

कुणी मन उघडे केले असेल तर ‘खंबीर राहा’ असे लिहून पुढे जाऊ नये. त्याच्या गाण्यातली एक ओळ उचलावी आणि ती आपल्याला का लागली ते लिहावे. त्यातून त्याला कळते की कुणीतरी खरोखर ऐकले. आपली मोठी कहाणी तिथे सुरू करू नये. आणि जमत असेल तर याहून चांगला प्रतिसाद संगीताचाच आहे: त्याला विचारून त्या गाण्यात आपला आवाज मिसळणे, एखादे वाद्य जोडणे. संगीतकार एरिक व्हिटेकर यांनी २०१० मध्ये १२ देशांतील १८५ गायकांची एकेकट्याने घरी केलेली मुद्रणे एकत्र करून एक आभासी वृंदगान उभे केले. वेगवेगळ्या खोल्यांत एकटी बसलेली माणसे एकाच श्वासात गाताना पाहून जे वाटते, ते शंभर लाइकमध्ये नसते. दुसऱ्याच्या दुःखावर सूर धरताना मात्र मूळ आवाजाच्या खालीच राहावे.

एखाद्याच्या पोस्टमध्ये किंवा गाण्यात जगणे नकोसे झाल्याचा सूर स्पष्ट असेल, तर ते कलेचे स्वातंत्र्य आहे असे गृहीत धरून गप्प बसू नये. खासगी संदेशात सरळ विचारावे, ‘तुझ्या मनात जीव देण्याचे विचार येत आहेत का?’ असे विचारल्याने तो विचार कुणाच्या मनात पेरला जात नाही; उलट बोलायला वाट मिळते. उत्तर होकारार्थी असेल तर गुपित राखण्याचे वचन देऊ नये, त्याच्या जवळ प्रत्यक्ष असलेल्या कुणालातरी सांगावे, हेल्पलाइनचा क्रमांक द्यावा आणि धोका समोर दिसत असेल तर तातडीच्या सेवेला कळवावे.

याच विषयावर स्वतः गाणे करताना एक जबाबदारी येते, आणि ती मी ऐच्छिक मानत नाही. आत्महत्येच्या सविस्तर, भडक वर्णनांमुळे अनुकरणाचा धोका वाढतो, हे माध्यमांच्या अभ्यासात दीर्घकाळ माहीत आहे. याची दुसरी बाजू २०१० मध्ये ऑस्ट्रियातील संशोधकांनी दाखवली: संकटातून माणूस कसा सावरला हे सांगणाऱ्या बातम्यांनंतर आत्महत्यांचे प्रमाण घटलेले आढळले. या परिणामाला त्यांनी मोझार्टच्या १७९१ मधील एका ऑपेरातल्या पापागेनो या पात्राचे नाव दिले. प्रेयसी कायमची दुरावली असे वाटून तो जीव द्यायला निघतो, तीन मुले त्याला दुसरा मार्ग आठवून देतात, आणि तो थांबतो. अलीकडचे उदाहरण अमेरिकन रॅपर लॉजिक याच्या २०१७ मधील गाण्याचे आहे, ज्याचे शीर्षकच तिथल्या हेल्पलाइनचा क्रमांक होते. ते गाणे सर्वाधिक चर्चेत असलेल्या ३४ दिवसांत हेल्पलाइनला अपेक्षेपेक्षा ९,९१५ फोन जास्त आले, आणि त्याच काळात आत्महत्या अपेक्षेपेक्षा २४५ने कमी झाल्या, असे २०२१ मधील अभ्यासात नोंदवले आहे. गाण्यामुळेच हे घडले असे अशा अभ्यासातून पूर्णपणे सिद्ध होत नाही, तरी गाणे लिहिणाऱ्याने काय करावे ते पुरेसे स्पष्ट होते. पद्धतीचे वर्णन टाळावे. गाण्यात निदान एक माणूस, एक आवाज, एक दुसरा दिवस असावा. शीर्षकाखाली श्रोत्यांच्या भागातील हेल्पलाइनचा क्रमांक, तो चालू आहे याची खात्री करून, लिहावा.

नंतरचे दिवस

गाणे लोकांना भिडले तर ते आपापली दुःखे घेऊन संदेशांत येऊ लागतात. हा विश्वास हृदयस्पर्शी असतो आणि थोड्याच दिवसांत त्याचे ओझे होते. यासाठी एक उत्तर शांतपणे आधीच लिहून ठेवावे: ऐकल्याबद्दल आभार, आपण समुपदेशक नसल्याची कबुली आणि मदत कुठे मिळेल याची माहिती. संदेश वाचण्याची वेळ ठरवावी आणि ती झोपण्यापूर्वीची नसावी.

वर्षभराने ते गाणे पुन्हा ऐकावे. कधी ते परके वाटते, कधी त्यातली एक ओळ आता खोटी वाटते. तसे झाले तर गाणे नव्याने गाऊन जुन्याशेजारी ठेवता येते, तिसरी ओळ बदलता येते, किंवा पोस्ट लोकांपासून लपवता येते. त्यासाठी कुणाला स्पष्टीकरण द्यावे लागत नाही. फक्त लपवण्यापूर्वी मूळ फाइल तारखेसकट दुसऱ्या ठिकाणी जतन करावी, आणि तिच्यासोबत त्या वेळी साथ देणाऱ्या पहिल्या श्रोत्याचे नाव लिहून ठेवावे.